लहान मोटारीची चाके बदलताना

गॅरेज, टायरचे दुकान, पंक्चरची टपरी, लेथ मशीन आणि सुट्या भागांची खरेदी-विक्री या धंद्यांत आपले बांधव पुष्कळ आहेत. मुंबईत कुर्ल्याचा सी. एस. टी. रोड किंवा पुण्यात नाना पेठ एकदा पायी फिरून पाहावी, म्हणजे याची खात्री पटते. या धंद्यातील इल्म उस्तादाकडून शागीर्दाकडे तोंडी जात आला आहे. तो चांगलाच असतो, पण उस्तादाचा हात ज्या गाड्यांवर बसला त्या गाड्यांपुरता तो असतो. फियाट-अँबॅसिडरच्या काळात चाक वाकले तर ठोकून सरळ करीत, फारच बिघडले तर तसेच दुसरे आणून लावीत. आज गिऱ्हाईक मोबाईलवर एक फोटो दाखवितो आणि म्हणतो, "उस्ताद, असे अलॉय लावून द्या." इथे जुना इल्म पुरत नाही आणि "बसले म्हणजे झाले" या हिशेबाने काम होऊ लागते.

चाक हा गाडीचा असा भाग आहे की, त्यात झालेली चूक दुकानात दिसत नाही. ती ऐंशीच्या वेगाने जाताना घाटात दिसते, आणि त्या वेळी गाडीत गिऱ्हाईक नव्हे तर त्याची बायकामुले बसलेली असतात. म्हणून या लेखात चाकाचा हिशेब आम्ही जरा सविस्तर मांडीत आहोत.

उदाहरणासाठी मारुती स्विफ्ट घेऊ. २००५ साली ही गाडी भारतात आली आणि गावोगावी पोहोचली. २०११ आणि २०१८ साली आलेल्या तिच्या नव्या रूपांत स्वस्त मॉडेलला १४ इंची लोखंडी चाक व १६५/८० आर १४ टायर, तर महाग मॉडेलला १५ इंची अलॉय व १८५/६५ आर १५ टायर कंपनीच लावून देत असे. स्वस्त मॉडेल घेतलेला माणूस दोन वर्षांनी अलॉय मागायला येतो, ही आपल्या दुकानातील रोजची गोष्ट.

आधी टायरवरचे आकडे. १६५ म्हणजे टायरची रुंदी मिलिमीटरमध्ये. ८० म्हणजे टायरच्या भिंतीची उंची रुंदीच्या ८० टक्के, म्हणजे १३२ मिलिमीटर. १४ म्हणजे रिमचा व्यास इंचांत. एक इंच २५.४ मिलिमीटरचा धरला तर रिम ३५५.६ मिलिमीटरची झाली. तिच्यावर आणि खाली मिळून दोन भिंती २६४ मिलिमीटरच्या. एकूण चाकाची उंची ६१९.६ मिलिमीटर. आता दुसरा टायर पाहू. १८५ चे ६५ टक्के म्हणजे १२०.२५, दोन भिंती २४०.५, रिम ३८१. एकूण ६२१.५ मिलिमीटर. रिम एक इंचाने वाढली तरी पूर्ण चाक दोन मिलिमीटरनेही वाढले नाही. कंपनीने हा हिशेब करूनच दोन्ही मापे दिली आहेत. आपणही चाक बदलताना हेच करावयाचे असते. रिम वाढली की भिंत तेवढी कमी करावयाची आणि एकूण उंची जागच्या जागी ठेवावयाची.

ही उंची महत्त्वाची का? स्पीडोमीटर चाकाच्या फेऱ्या मोजतो, रस्ता मोजत नाही. चाक तीन टक्क्यांनी उंच झाले तर काटा ८० वर असताना गाडी प्रत्यक्षात ८२.४ च्या वेगाने धावते. टॅक्सीवाल्याचे किलोमीटरही त्याच प्रमाणात कमी भरतात. शिवाय चाक मडगार्डच्या आतल्या पत्र्याला घासते आणि चढावर गाडी ओढेनाशी होते. आमचे मत असे की, फरक दोन टक्क्यांच्या आत ठेवावा. २०१२ साली आलेल्या ऑल्टो ८०० चा टायर १४५/८० आर १२ होता; त्याची उंची ५३६.८ मिलिमीटर. तिला कोणी १३ इंची रिम लावून १५५/८० आर १३ टायर चढविला तर उंची ५७८.२ होते, म्हणजे जवळपास आठ टक्के जास्त. हे घासणारच. तेच १५५/६५ आर १३ घेतला तर ५३१.७, म्हणजे एक टक्का कमी. दुकानात भिंतीवर एक कागद लावून नेहमीच्या गाड्यांचा हा हिशेब लिहून ठेवला तर नवख्या पोरालाही चूक करता येणार नाही.

रिमच्या रुंदीचाही संबंध असतो. १८५/६५ टायर ५ ते साडेसहा इंच रुंद रिमवर बसविता येतो. रिमवर जे "१५ × ६ जे" असे लिहिलेले असते, त्यातील ६ म्हणजे ही रुंदी. रुंद रिमवर अरुंद टायर ताणून बसविण्याची फॅशन मध्यंतरी आली होती. खड्ड्यात असा टायर रिमची कड सोडतो आणि हवा एका क्षणात जाते.

आता ज्या मापावर सर्वांत जास्त गोंधळ होतो ते माप, पी. सी. डी. नट ज्या वर्तुळावर बसतात त्या वर्तुळाचा व्यास म्हणजे पी. सी. डी. चार नटांच्या चाकात ते मोजणे सोपे आहे. एका भोकाच्या डाव्या कडेपासून समोरच्या भोकाच्या डाव्या कडेपर्यंत व्हर्नियरने मोजावे. पाच नटांच्या चाकात समोरासमोर भोक नसते. तिथे शेजारच्या दोन भोकांच्या मध्यांमधील अंतर घेऊन त्याला १.७०१ ने गुणावे. ते अंतर ५८.८ भरले तर पी. सी. डी. १००, आणि ६७.२ भरले तर ११४.३.

जुन्या मारुती ८०० ला चार नट ११४.३ वर आहेत. स्विफ्टला चार नट १०० वर. ह्युंदाई आय-१०, आय-२०, होंडा सिटी आणि जॅझ यांनाही चार नट १०० वरच. फोर्ड फिगोला १०८, फियाट पुंटोला ९८, फोक्सवॅगन पोलोला पाच नट १०० वर. फिगो, पुंटो, पोलो यांचे इथले उत्पादन बंद झाले असले तरी गाड्या रस्त्यावर आहेत आणि त्यांच्या रिमा जुन्या बाजारात येत राहतात.

१०८ ची रिम १०० च्या हबवर चढतच नाही, म्हणून ती चूक आपोआप टळते. घात करतो तो ९८ आणि १०० मधला दोन मिलिमीटरचा फरक. प्रत्येक भोक फक्त एक मिलिमीटरने सरकलेले असते, त्यामुळे रिम चढते, नट आवळलाही जातो. पण नटाचा शंकू आपल्या खोबणीत पूर्ण न बसता एका बाजूने टेकतो. दुकानात चाक घट्ट वाटते. गाडी धावू लागली की तो नट थोडा थोडा सैल होत जातो आणि स्टडवर एकाच बाजूने ताण येतो. फूटपट्टीने हा फरक कळत नाही, म्हणून आम्ही व्हर्नियर म्हटले.

लेथवर काम करणाऱ्या बांधवांना इथे एक गोष्ट स्पष्ट सांगितली पाहिजे. गिऱ्हाईक रिम घेऊन येतो आणि म्हणतो, "ही भोके जरा बाहेर ओढून द्या" किंवा "मधे नवी चार भोके पाडून द्या." हे काम नाकारावे. अलॉय चाक ओतताना भोकांभोवती जेवढा माल लागतो तेवढाच ठेवलेला असतो. भोक रुंद केले की नटाची तिरकी बैठक खलास होते आणि दोन भोकांमधील भिंत पातळ होते. बाजारात आठ भोकांच्या रिमा मिळतात. त्यांत चार १०० वर आणि चार १०८ किंवा ११४.३ वर असतात. त्या कारखान्यातूनच तशा येतात, म्हणून चालतात; फक्त बसविताना आपली चार कोणती ते पाहावे.

लेथवाल्यांना नाकारण्याचेच काम सांगून भागणार नाही, करण्याजोगे कामही आहे. चाकाच्या मधल्या भोकात गाडीचा हब शिरतो. स्विफ्टचा आणि आय-१० चा हा हब ५४.१ मिलिमीटरचा, होंडाच्या वरील गाड्यांचा ५६.१, पोलोचा ५७.१. बाहेरची अलॉय मात्र अनेक गाड्यांना बसावी म्हणून मधे ६७.१ किंवा ७३.१ अशी मोठी ओतलेली असते. कंपनीच्या चाकात हब आणि भोक घट्ट जुळलेले असल्यामुळे चाक बरोबर मध्यावर बसते. मोठ्या भोकात हा आधार जातो आणि मध्य शोधण्याचे काम एकट्या नटांवर पडते. नट एका बाजूने आधी आवळले गेले की चाक केसभर सरकते. मग गिऱ्हाईक तक्रार घेऊन येतो की, नव्वदच्या पुढे स्टेअरिंग थरथरते. आपण बॅलन्सिंग पुन्हा करतो, तीनदा करतो, पण ते जात नाही, कारण दोष बॅलन्सिंगचा नसतोच.

यावर उपाय म्हणजे मधली कडी. बाहेरून रिमच्या भोकाएवढी, आतून हबएवढी. प्लॅस्टिकची तयार मिळते, पण हव्या त्या मापाची दरवेळी मिळत नाही. ॲल्युमिनियमची कडी लेथवर काढून देणे हे चांगल्या कारागिराला अर्ध्या तासाचे काम आहे. माप घेताना रिम आणि हब दोन्ही समोर ठेवून घ्यावे, छापील आकड्यावर विसंबू नये. कडी हाताने दाबून बसावी, हातोडीने नव्हे. एक-दशांश मिलिमीटरची ढील पुरे. आणि आतल्या कडेला उतार द्यावा, कारण हबच्या मुळाशी गोलाई असते. उतार दिला नाही तर कडी त्या गोलाईवर अडते, चाक हबला पूर्ण टेकत नाही आणि आपण केलेल्या उपायानेच अपाय होतो. लोखंडी हबवर ॲल्युमिनियम पावसाळ्यात धरून बसते, म्हणून बोटभर ग्रीस कडीच्या आत लावावे. स्टडच्या आट्यांवर मात्र ग्रीस कधीही लावू नये.

रिमवर "ईटी ४५" असे काहीतरी कोरलेले असते. त्याला ऑफसेट म्हणतात. रिमच्या रुंदीचा बरोबर मध्य आणि हबला टेकणारी बैठक यांतील हे अंतर आहे. आकडा मोठा तितके चाक गाडीच्या आत, आकडा लहान तितके बाहेर. समजा, जुनी रिम ५ इंच रुंद आणि ईटी ४५, नवी ६ इंच रुंद आणि ईटी ३८. रुंदी एक इंचाने वाढली, म्हणजे दोन्ही बाजूंना १२.७ मिलिमीटर. ऑफसेट ७ ने कमी, म्हणजे सारे चाक ७ ने बाहेर. बाहेरची कड १२.७ अधिक ७, म्हणजे १९.७ मिलिमीटर बाहेर आली. आतली कड १२.७ वजा ७, म्हणजे ५.७ मिलिमीटर आत सरकली. आता गाडीजवळ बसून पाहावयाचे की, मडगार्डच्या कडेशी दोन सेंटिमीटर जागा आहे का आणि आत शॉकॲबसॉर्बरशी सहा मिलिमीटर जागा उरते का. चाक बाहेर गेले की बेअरिंगवरचा भारही वाढतो. वर्षभरात बेअरिंग वाजू लागले तर गिऱ्हाईक बेअरिंगच्या कंपनीला शिव्या देतो, रिमची आठवण त्याला राहत नाही.

चाक बाहेर काढण्यासाठी काही जण मधे गोल चकती, ज्याला स्पेसर म्हणतात, ती घालतात. त्यामागचे गणित धोक्याचे आहे. स्विफ्टचा स्टड १२ मिलिमीटर जाड, आटे सव्वा मिलिमीटरचे. नट स्टडवर निदान स्टडच्या जाडीइतका चढला पाहिजे, म्हणजे नऊ-दहा फेरे. पाच मिलिमीटरची चकती घातली की चार फेरे गेले. उरलेल्या पाच-सहा फेऱ्यांवर भरलेली गाडी घाट उतरणार! आमच्या दुकानाचा नियम असा की, स्पेसर मागणाऱ्या गिऱ्हाइकाला चहा पाजावा आणि परत पाठवावे.

नटांचा विषय निघाला आहे तर तोही पुरा करू. स्विफ्ट आणि आय-१० यांचे पी. सी. डी. एकच, हबही एकच, त्यामुळे एकीची रिम दुसरीवर छान बसते. पण मारुतीचा नट १२ × १.२५ आणि ह्युंदाईचा १२ × १.५. ह्युंदाईचा नट मारुतीच्या स्टडवर एक-दोन फेरे हाताने चढतो, मग अडतो. अशा वेळी पोरगा हवेची गन लावतो आणि आटे कापून नट आत जातो. बाहेरून पाहणाऱ्याला सारे ठाकठीक दिसते. म्हणून पक्का नियम ठेवावा की, प्रत्येक नट निदान सहा-सात फेरे बोटांनी चढला पाहिजे, त्याशिवाय पानाही लावावयाचा नाही.

नटाची बैठकही पाहावी. बाजारातील बहुतेक अलॉय ६० अंशाच्या शंकूच्या नटासाठी असतात. होंडाच्या मूळ नटाची बैठक गोल चेंडूसारखी असते, फोक्सवॅगनच्या बोल्टचीही तशीच. टोयोटाच्या मूळ अलॉयचा नट सपाट वॉशरचा, लांब मानेचा असतो. गोल बैठकीचा नट शंकूच्या खोबणीत घातला तर तो एका बारीक रेषेवरच टेकतो. नव्या रिमबरोबर नव्या नटांचा संच घ्यावयास सांगावे, आणि जुने नट गिऱ्हाइकाला परत द्यावेत. परत का, ते शेवटी सांगतो.

आता जुन्या रिमच्या व्यापाराविषयी, कारण आपल्यापैकी अनेकांची रोजी त्यावर आहे. लोखंडी रिम खड्ड्यात वाकते आणि ठोकून बऱ्यापैकी सरळ होते. अलॉय म्हणजे ॲल्युमिनियममध्ये थोडे सिलिकॉन आणि किंचित मॅग्नेशियम घालून ओतलेला धातू. चांगल्या कारखान्यात ओतल्यानंतर त्याला भट्टीतून ठराविक तापमान देऊन ताकद आणतात. त्याला तडा गेला आणि कोणी वेल्डिंग केले, तर त्या जागेची ही ताकद उतरून जाते. वरून घासून, लांबी भरून, चंदेरी रंग मारला की डोळ्यांना काही कळत नाही.

काही वर्षांपूर्वी आम्ही स्वतः असा एक संच घेतला होता. चारही रिमा आरशासारख्या. एका चाकातील हवा दर आठवड्यास पाच-सहा पौंडांनी उतरू लागली. टायर दोनदा तपासला, व्हॉल्व्ह बदलला, काही सापडेना. शेवटी चाक पाण्यात बुडवून बराच वेळ पाहत बसलो, तेव्हा रिमच्या आतल्या पत्र्यातून सुईएवढे बुडबुडे येताना दिसले. रंग खरवडला तर खाली हातभर वेल्डिंग. ज्याच्याकडून घेतले त्याच्याकडे गेलो. तो शांतपणे म्हणाला, "तुम्ही पण कोणाला तरी विकून टाका, बाजार असाच चालतो." आणि खरे सांगावयाचे तर तो मोहही झाला, कारण पैसे अडकले होते.

मदिनेच्या बाजारातील प्रसंग आपणा सर्वांना ठाऊक आहे. प्रेषित मुहम्मद (स.) यांनी धान्याच्या ढिगात हात घातला तेव्हा बोटांना ओल लागली. विक्रेत्याने पावसाचे कारण सांगितले. त्यावर प्रेषितांनी (स.) विचारले की, मग भिजलेले धान्य लोकांना दिसेल असे वर का ठेवले नाहीस, आणि फसविणारा आपल्यातला नव्हे, असेही बजावले. सहीह मुस्लिममध्ये हा प्रसंग आला आहे. ओले धान्य घेणाऱ्याचे फार तर चार पैसे जातात. वेल्डिंग केलेल्या चाकाने काय जाईल, याचा हिशेब कोणी करावा? ती रिम आम्ही कटरने दोन तुकडे करून मोडीच्या भावाने वजनावर दिली. तुकडे केले एवढ्यासाठी की, भंगारातून उचलून ती पुन्हा रंगून बाजारात येऊ नये. शरीअतमध्ये लपविलेल्या दोषाबद्दल माल परत करण्याचा हक्क खरेदीदाराला दिलेला आहे. जुनी रिम विकताना बिलावर "जुनी, पाहून घेतली, वेल्डिंग नाही" असे लिहून देणारा व्यापारी त्या हक्काला घाबरत नाही.

जुनी रिम घेताना टायर उतरवूनच घ्यावी. आतली बाजू, जी कोणी पाहत नाही, तीच पाहावी. तिथे ताजा रंग असेल तर प्रश्न विचारावा. बोटाच्या पेराने हलके वाजवीत गोल फिरावे, तडा असलेली जागा बद्द आवाज देते. मात्र यावरच भिस्त ठेवू नये. बॅलन्सिंग मशिनवर नुसती रिम फिरवून कडेला पेचकस जवळ धरला की वाकडेपणा लगेच दिसतो. आणि चार रिमा अचानक फारच स्वस्त मिळत असतील तर त्या कोणाच्या अंगणातील गाडी विटांवर ठेवून आल्या आहेत, याचा विचार करावा. चोरीचा माल जाणूनबुजून घेणे हा पूर्वी भारतीय दंडविधानाच्या कलम ४११ खाली गुन्हा होता, १ जुलै २०२४ पासून तो भारतीय न्याय संहितेच्या कलम ३१७ खाली आहे. विकणाऱ्याच्या ओळखपत्राची प्रत ठेवावी.

नव्या मालात रिमच्या आत ओतलेली अक्षरे वाचावीत. आय. एस. आय.ची खूण आणि हलक्या मिश्रधातूच्या चाकांसाठीचा मानक क्रमांक १६१९२ पाहावा. जपानी मानकाची "जे डब्ल्यू एल" अशीही खूण असते. याशिवाय किती किलोचा भार ते लिहिलेले असते. गाडी माणसे-सामानासकट १४०० किलो धरली आणि पुढच्या आसावर ५५ टक्के भार धरला तर पुढच्या एका चाकावर ३८५ किलो येतात, आणि खड्ड्यात त्याहून कितीतरी जास्त. ज्या रिमवर भार लिहिलेलाच नाही ती घेऊ नये. टायरवरही असाच आकडा असतो. ८५ म्हणजे ५१५ किलो, ८८ म्हणजे ५६० किलो. त्यापुढचे अक्षर वेगाचे, टी म्हणजे १९०, एच म्हणजे २१०. मूळ टायरपेक्षा कमी आकड्याचा टायर लावू नये. चार आकडी तारीखही वाचावी. २३२४ म्हणजे २०२४ सालचा तेविसावा आठवडा.

करात झालेला बदल ध्यानात ठेवावा. मोटारीच्या सुट्या भागांवरील आणि नव्या टायरांवरील २८ टक्के जी. एस. टी. २२ सप्टेंबर २०२५ पासून १८ टक्के झाला आहे. त्याआधी भरलेला माल आणि आजचा भाव यांचा मेळ प्रामाणिकपणे घालावा.

बसविण्याचे काम. हबचा पृष्ठभाग तारेच्या ब्रशने घासून गंज काढावा. गंजाचा एक पापुद्रा मधे राहिला की चाक तिरके बसते आणि तो गळून पडला की नट सैल होतात. नट समोरासमोर, एकाआड एक आवळावेत. शेवटचे आवळणे गाडी जमिनीवर उतरवून, टॉर्क पान्याने करावे. या गाड्यांना साधारण ८५ ते ११० न्यूटन-मीटर लागतात. नेमका आकडा गाडीच्या पुस्तकात असतो, तोच पाळावा. ८५ म्हणजे किती? पस्तीस सेंटिमीटर लांब पान्याच्या टोकाला पंचवीस किलोचा जोर. त्याच पान्यावर सत्तर किलोचा पोरगा उभा राहिला तर जोर जवळपास तिप्पट होतो. स्टड ताणला जातो, आणि ताणलेला स्टड पुढे कधी तुटेल ते सांगता येत नाही.

चाक हाताने फिरवून पाहावे. ब्रेकच्या कॅलिपरला आतली पट्टी किंवा चिकटविलेले शिसे घासता कामा नये. स्टेअरिंग दोन्हीकडे पूर्ण वळवावे, मग मागे तीन माणसे बसवून पुन्हा वळवावे. टायरमधील हवा दाखविणारे सेन्सर असलेल्या गाडीचा टायर उतरविताना ते व्हॉल्व्हजवळ असतात हे पोराला आधी सांगावे. पन्नास ते शंभर किलोमीटरनंतर नट पुन्हा तपासण्यास गिऱ्हाइकाला बोलवावे, फुकट. बिलावर तारीखच लिहून द्यावी म्हणजे तो येतो.

गिऱ्हाइकाला कायद्याची बाजूही सांगावी. जानेवारी २०१९ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने निकाल दिला की, नोंदणीपुस्तकातील तपशील कंपनीने मूळ दिलेल्या तपशिलांपासून वेगळा होईल असा बदल गाडीत करता येत नाही. कंपनीनेच महाग मॉडेलला दिलेल्या मापाची चाके लावणे हा सर्वांत सुरक्षित रस्ता. मडगार्डच्या बाहेर येणारी चाके पोलिसांच्याही नजरेत येतात आणि चिखल दुसऱ्याच्या अंगावर उडवितात तो वेगळाच. विमा कंपनीस बदल लेखी कळवावा.

मुळात अलॉय लावावेच का, असे कोणी विचारले तर आम्ही गिऱ्हाईक पाहून उत्तर देतो. शहरात, बऱ्या रस्त्यावर फिरणाऱ्याने खुशाल लावावे. पण कोकणात माल पोहोचविणाऱ्या, रोज खड्ड्यांतून जाणाऱ्या माणसाला आम्ही १४ इंची लोखंडी चाकच ठेवावयास सांगतो. १६ इंची रिम आणि १९५/५५ टायर लावला तर चाकाची एकूण उंची ६२०.९, म्हणजे जवळपास तेवढीच. पण टायरची भिंत १३२ वरून १०७ वर आली. पंचवीस मिलिमीटर रबर गेले, आणि खड्ड्याचा तडाखा तेच झेलत होते. हप्त्यावर, व्याज भरून अलॉय घेणाऱ्या तरुणाला तर दोन्ही कारणांनी समजावून पाहतो. एखादे गिऱ्हाईक त्यामुळे शेजारच्या दुकानात जाते. पुढे टायर घ्यायला ते बहुधा परत आपल्याकडेच येते.

आता जुन्या नटांचे. चार चाके अलॉय झाली तरी डिक्कीतील स्टेपनी लोखंडीच राहते. नव्या अलॉयचे नट लांब किंवा वेगळ्या बैठकीचे असतील तर रात्री रस्त्यात स्टेपनी लावताना ते लोखंडी रिमला नीट बसत नाहीत. म्हणून चार जुने नट कापडात बांधून जॅकजवळ ठेवून द्यावेत आणि पिशवीवर "स्टेपनीसाठी" असे लिहावे. नव्या नटाला लागणारा चाकपाना जुन्यापेक्षा वेगळ्या मापाचा असेल तर तोही तिथेच ठेवावा, आणि गाडी दुकानाबाहेर काढण्यापूर्वी गिऱ्हाइकाकडून एक नट सोडवून पाहावा.